फरोख बुलसारा : पाचगणीचा एक विद्यार्थी

वार्षिकांकासाठी चरित्रलेख लिहायचा म्हटले की विषयांची यादी जणू आधीच ठरलेली असते. आपल्या सोलापूरकरांच्या यादीत तर डॉ. द्वारकानाथ कोटणीस यांचे नाव हमखास असते आणि ते असावेही. १९१० साली या गावात जन्मलेला एक मुलगा डॉक्टर होतो, परक्या देशातील युद्धात जखमी सैनिकांची शुश्रूषा करतो आणि १९४२ साली त्याच मातीत देह ठेवतो, ही कथा कितीही वेळा वाचली तरी शिळी होत नाही. पण यंदा मी ज्याच्याविषयी लिहीत आहे, त्याची वाट नेमकी उलटी होती. तो समुद्रापलीकडून आला, आपल्या महाराष्ट्रात वाढला, इथेच त्याला नवे नाव मिळाले आणि मग तो निघून गेला. चीनने कोटणीसांना आपले मानले. या माणसाला मात्र महाराष्ट्राने आपले म्हटले नाही आणि त्यानेही महाराष्ट्राला आपले म्हटल्याचे दिसत नाही. जग त्याला फ्रेडी मर्क्युरी म्हणून ओळखते. पाचगणीच्या शाळेत दाखल झालेल्या मुलाचे नाव होते फरोख बुलसारा.

आपल्यापैकी काहींनी त्याची गाणी ऐकली असतील. काहींनी त्याच्यावरचा २०१८ सालचा चित्रपट पाहिला असेल. प्राध्यापकवर्गापैकी काहींना एका पाश्चात्त्य गायकाचे चरित्र कलाशाखेच्या अंकात कशाला, असेही वाटेल. माझे कारण संगीताचे नाही, शाळेचे आहे. सोलापुरातून बाहेर जाणारा कोणताही रस्ता घ्या. दोन-चार किलोमीटरच्या आत ‘इंटरनॅशनल’ हे विशेषण मिरवणारी शाळेची पाटी दिसतेच. त्या पाटीसाठी घरोघरी कर्जे काढली जातात, सोने गहाण पडते, पाच-सहा वर्षांची मुले वसतिगृहात ठेवली जातात. मी स्वतः पूर्व भागातल्या पद्मशाली घरातला. आजोबा तेलंगणातून मागावर काम करायला आले. आमच्या घरात तेलुगू, शेजारी कन्नड, शाळेत मराठी आणि आता पुस्तकांत इंग्रजी, अशी चार भाषांची कसरत माझ्या वयाची सगळीच मुले करतात. त्यामुळे घरापासून तोडलेल्या आणि दुसऱ्या भाषेत घडवलेल्या मुलाचे पुढे काय होते, हा प्रश्न माझ्यापुरता केवळ पुस्तकी नाही. एका मुलाचे आयुष्य नीट पाहिले, तर या प्रश्नाचे निदान अर्धे उत्तर तरी हाती येईल, असे मला वाटले.

प्रथम पाचगणीविषयी थोडे सांगितले पाहिजे. कारण सहलीत आपण तिथे टेबललँड पाहतो, घोड्यावर बसतो, स्ट्रॉबेरी खातो आणि परत येतो. शाळांच्या कुंपणांकडे कोणी फारसे पाहत नाही. महाबळेश्वरचा पाऊस असह्य होतो म्हणून बारमाही राहता येईल अशी जागा इंग्रजांना हवी होती. १८६० च्या दशकात जॉन चेसन नावाच्या इंग्रजाने पाच खेड्यांच्या मधल्या या पठारावर वसाहत उभी केली. हवा कोरडी, उन्हाळा सौम्य, पावसाळा सुसह्य. अशा ठिकाणी दोन गोष्टी वाढल्या : क्षयरोग्यांसाठी आरोग्यधाम आणि मुलांसाठी शाळा.

शाळांमागचे कारण समजून घेण्यासारखे आहे. हिंदुस्थानात नोकरी करणारे वरच्या पगाराचे इंग्रज आपली मुले पाच-सहा वर्षांची झाली की विलायतेला धाडत. पण रेल्वे, तारखाते, लष्कर आणि मिशन यांतील मधल्या फळीला तो खर्च परवडत नसे. मुले इथल्या उन्हात आणि इथल्या भाषांत वाढू नयेत, असेही त्यांना वाटे. तेव्हा तोडगा निघाला तो थंड हवेच्या ठिकाणी छोटे विलायत उभारण्याचा. उत्तरेत मसुरी, दक्षिणेत कोडाईकनाल, पश्चिमेत पाचगणी. पाचगणीला १८९५ मध्ये सेंट जोसेफ कॉन्व्हेंट, १८९८ मध्ये किमिन्स आणि १९०४ मध्ये मुलग्यांसाठी स्वतंत्र शाळा निघाली, तीच पुढे सेंट पीटर्स म्हणून नावारूपाला आली. पारशी, हिंदू आणि मुसलमान समाजांनीही आपापल्या शाळा तिथे काढल्या.

१९४७ नंतर इंग्रज गेले; शाळा राहिल्या. वर्गातली बाके रिकामी पडायला हवी होती, पण तसे झाले नाही. इंग्रजांच्या जागी दुसरे परदेशस्थ आले. पूर्व आफ्रिकेत, इराणी आखातात व्यापार किंवा नोकरी करणारी हिंदी कुटुंबे होती, नेपाळातली सरदार घराणी होती, मुंबईचे धनिक होते. यांना आपल्या मुलांना इंग्रजी शिक्षण द्यायचे होते आणि विलायत दूर होती. साहेबाच्या मुलांसाठी बांधलेल्या शाळेत साहेबाच्या कारकुनांची मुले येऊ लागली. फरोख बुलसारा हा त्यांतलाच एक.

त्याचा जन्म ५ सप्टेंबर १९४६ रोजी झांजिबार बेटावर झाला. आपल्या मसाल्याच्या डब्यातली लवंग एकेकाळी ज्या बेटावरून येई, तेच हे झांजिबार. तिथे नावाला सुलतान होता, कारभार इंग्रजांचा होता, बाजारपेठ हिंदी व्यापाऱ्यांच्या हाती होती आणि कष्ट आफ्रिकी माणसांचे होते. वडील बोमी बुलसारा तेथील उच्च न्यायालयात रोखपाल होते. आई जेर. सहा वर्षांनी धाकटी बहीण कश्मिरा जन्मली. कुटुंब पारशी; मूळ गाव गुजरातेतील बुलसार, म्हणजे आजचे वलसाड. त्या गावावरूनच आडनाव पडलेले. फरोख हा फारसी शब्द. त्याचा अर्थ भाग्यवान. घरात गुजराती, देवघरात अवेस्ता, रस्त्यावर स्वाहिली आणि अरबी, शाळेत इंग्रजी. पूर्व भागातल्या मुलाला हे चित्र अनोळखी वाटू नये.

इंग्रजी नोकरीतल्या हिंदी रोखपालाची स्थिती मोठी चमत्कारिक असते. घरात नोकर-चाकर असतात, मान असतो. पण ज्या बेटावर राहायचे ते आपले नसते, ज्या सरकारची चाकरी करायची तेही आपले नसते आणि ज्या गावाचे नाव लावायचे तिथे आता कोणी राहत नसते. अशा माणसाजवळ मुलाला देण्यासारखी एकच वतनवाडी असते, ती म्हणजे शिक्षण. म्हणून आठ वर्षांच्या फरोखला हिंदुस्थानात पाचगणीला पाठवायचे ठरले.

हा प्रवास नकाशावर बोटाने करून पाहावा. झांजिबारहून मुंबईपर्यंत अरबी समुद्र ओलांडून जहाज, मुंबईहून पुण्यापर्यंत आगगाडी आणि मग वाईवरून पसरणीचा घाट चढणारी मोटार. घाट संपला की झाडे बदलतात, हवा बदलते आणि आठ वर्षांच्या मुलाला एक पलंग, एक पेटी आणि गणवेश मिळतो. आईबापांची भेट वर्षातून एकदा. लहान सुट्यांमध्ये मुंबईला आजी आणि मावशी-आत्यांकडे जायचे. झांजिबारला जाऊन येण्याइतक्या त्या सुट्या लांब नसत. पत्रे लिहायची आणि वाट पाहायची.

सेंट पीटर्समध्ये दिवस घंटेवर चाले. प्रार्थना, वर्ग, मैदान, अभ्यास, झोप. शिक्षकांच्या आणि सोबत्यांच्या जिभेला फरोख हे नाव जड गेले असावे. लवकरच तो सर्वांचा फ्रेडी झाला. पुढे घरच्यांनीही हेच नाव स्वीकारले. त्याला आणखी एक नाव मिळाले, ते कोणालाच आवडले नसते. त्याच्या जबड्यात चार जादा दात होते आणि त्यामुळे पुढचे दात बाहेर आलेले होते. वसतिगृहातील मुले अशा गोष्टीला क्षमा करीत नाहीत. दातांवरून पडलेले टोपणनाव त्याने वर्षानुवर्षे सोसले. हसताना ओठ किंवा हात पुढे आणण्याची लकब त्याला जन्मभर चिकटली. पुढे अमाप पैसा मिळाल्यावरही त्याने ते दात काढून घेतले नाहीत. जबड्याची ठेवण बदलली तर आवाजही बदलेल, ही त्याला भीती होती.

पण त्याला खेळांतही गती होती. टेबल-टेनिसमध्ये तो शाळेत अजिंक्य ठरला. मुष्टियुद्धही खेळला आणि १९५८ साली लहान गटात अष्टपैलू विद्यार्थ्याचा चषक त्याने मिळवला. याच वयात तो पोस्टाची तिकिटे जमवत असे. वडिलांनाही तो छंद होता. त्याची ही वही आज लंडनच्या पोस्ट संग्रहालयाच्या संग्रहात आहे. त्या वहीत झांजिबारची आणि इतर अनेक देशांची तिकिटे आहेत. ती देशवार, किमतीनुसार लावण्याऐवजी अनेक पानांवर रंग आणि आकार पाहून, दोन्ही बाजू तोलून, नक्षीसारखी मांडलेली आहेत. एकाही देशाचा पुरता रहिवासी नसलेल्या मुलाने सगळ्या देशांचे तुकडे आपल्या मनासारखे मांडले होते. या माणसाचे पुढले सारे काम मला त्या वहीत दिसते.

आता मी या चरित्रातील सर्वांत महत्त्वाच्या प्रसंगाकडे येतो. तो एखादा मोठा कार्यक्रम नव्हे. एक पत्र आहे. फ्रेडी एखादे गाणे रेडिओवर एकदा ऐके आणि शाळेच्या पियानोवर जसेच्या तसे वाजवून दाखवी, हे शिक्षकांच्या नजरेतून सुटले नाही. त्याने झांजिबारला असतानाच पियानोला हात लावलेला होता आणि मुंबईच्या मावशीलाही त्याचा कान जाणवला होता. शाळेच्या मुख्याध्यापकांनी त्याच्या आईवडिलांना लिहिले, की मुलाला संगीताची देणगी आहे. नेहमीच्या फीवर थोडी जादा रक्कम भरलीत तर त्याला रीतसर पियानो शिकवता येईल. आईवडिलांनी होकार कळवला. फ्रेडी शिकू लागला आणि लंडनहून घेतल्या जाणाऱ्या संगीत परीक्षांत लेखी आणि प्रत्यक्ष दोन्ही विषयांत चौथ्या इयत्तेपर्यंत पोहोचला. शाळेच्या गायनवृंदातही तो गात असे.

या पत्राचे मोल विचारात घ्या. ते लिहिले नसते तरी शाळेचे काही अडले नसते. निकाल लागले असते, फी जमा झाली असती, चषक वाटले गेले असते. हजारो मैलांवरच्या रोखपालाला आपल्या मुलाच्या बोटांत काय आहे हे कळण्याचा दुसरा कोणताही मार्ग नव्हता. ज्या शाळेने मुलाला घरापासून इतके दूर नेले, तिनेच घराच्या वतीने त्याच्याकडे पाहिले. निवासी शाळेचे खरे कर्तव्य मला यात सापडते. आईबापांनी मूल सोपवायचे, तर सोपवून घेणाऱ्याने आईबापांच्या डोळ्यांनी पाहिले पाहिजे.

१९५८ च्या सुमारास पाच मुलांनी मिळून ‘द हेक्टिक्स’ नावाचा वाद्यवृंद काढला. गिटार, ढोल, पियानो आणि चहाच्या रिकाम्या खोक्याला दांडी आणि दोरी बांधून केलेला खर्जाचा साज, अशी सगळी सामग्री. शाळेच्या समारंभांत त्यांचे कार्यक्रम होऊ लागले. शेजारच्या मुलींच्या शाळांतील श्रोतेही येत. गंमत अशी, की पुढे साऱ्या जगाला गायला लावणारा हा मुलगा त्या वृंदातला मुख्य गायक नव्हता. गाणारा पुढे दुसराच कोणी असे. फ्रेडी एका बाजूला पियानोमागे बसून साथ करी. मात्र त्याच्या सोबत्यांनी नंतर सांगितले आहे, की एरवी बुजरा असणारा हा मुलगा पियानोवर बसला की वेगळाच होई.

शेवटच्या वर्षांत त्याचे अभ्यासातले लक्ष उडाले. परीक्षेत यश आले नाही आणि १९६३ मध्ये तो झांजिबारला घरी परतला. ज्या कारणासाठी कुटुंबाने इतका खर्च आणि विरह सोसला, त्या कारणापुरता हिशेब तोट्याचा होता. प्रमाणपत्राच्या भाषेत बोलायचे तर शाळा वाया गेली. हे मुद्दाम सांगतो, कारण थोरांच्या चरित्रांत आपण अपयशावर पटकन पांघरूण घालतो.

घर मिळाले, पण ते वर्षभरही टिकले नाही. डिसेंबर १९६३ मध्ये झांजिबार स्वतंत्र झाले आणि १२ जानेवारी १९६४ रोजी तिथे क्रांतीचा उद्रेक झाला. शतकानुशतकांचा आफ्रिकी जनतेचा राग अरबांवर आणि हिंदी लोकांवर कोसळला. हजारो माणसे मारली गेली. बुलसारा कुटुंबाने हाती येईल ते सामान घेऊन इंग्लंड गाठले आणि लंडनच्या कडेला, हीथ्रो विमानतळाजवळील फेल्टम या उपनगरात एका लहान घरात संसार मांडला. नोकर-चाकरांच्या घरातली माणसे स्वतः साध्या नोकऱ्या करू लागली. फ्रेडी सतरा वर्षांचा होता. बेट, पठार आणि आता उपनगर. प्रत्येक ठिकाणी नव्याने सुरुवात.

तेव्हाचे इंग्लंड सावळ्या माणसाला सुखाने नांदू देणारे नव्हते. १९६८ मध्ये केनियातून आणि १९७२ मध्ये युगांडातून हिंदी निर्वासितांचे लोंढे आले, तसा तिथला द्वेष उघड बोलू लागला. फ्रेडीने विमानतळावर सामान हलवण्यासारखी कामे केली, आयलवर्थला कलेचा पाया घातला आणि ईलिंगच्या कलाशाळेत आरेखनाचे शिक्षण घेऊन १९६९ मध्ये पदविका मिळवली. केन्सिंग्टनच्या बाजारात जुने कपडे विकण्याचा गाळाही मित्राबरोबर चालवला. लहानसहान वाद्यवृंदांत गाऊन पाहिले.

१९७० मध्ये ब्रायन मे आणि रॉजर टेलर या दोघांबरोबर त्याने नवा वृंद सुरू केला. त्याला ‘क्वीन’ हे नाव फ्रेडीने दिले. पुढच्या वर्षी जॉन डीकन आला आणि चौकडी पूर्ण झाली. ईलिंगमध्ये शिकलेली विद्या वापरून फ्रेडीने वृंदाचे मानचिन्हही स्वतः काढले : चौघांच्या राशींचे सिंह, खेकडा आणि पऱ्या, मध्ये मुकुट आणि वर पंख पसरलेला अग्निपक्षी. याच सुमारास त्याने स्वतःचे आडनाव बदलून मर्क्युरी हे ग्रहाचे आणि रोमन देवदूताचे नाव घेतले. फरोखचा फ्रेडी पाचगणीने केला होता. बुलसाराचा मर्क्युरी त्याने स्वतः केला. पहिले नाव दिलेले, दुसरे निवडलेले. यात आपली मुळे नाकारल्याचा दोष त्याला देणारे आहेत आणि मुलाखतींत तो हिंदुस्थानाविषयी फारसे बोलत नसे हेही खरे. पण ज्या देशात बुलसारा हे नाव दारावर लावले तर दार बंद होण्याचा संभव होता, तिथल्या मुलाला न्यायाधीशाच्या खुर्चीत बसून प्रश्न विचारणे सोपे आहे. माणूस नाव बदलतो तेव्हा तो नेहमी पळूनच जात असतो असे नाही. कधीकधी तो राहायला जागा शोधत असतो.

१९७३ मध्ये क्वीनची पहिली ध्वनिमुद्रिका निघाली. १९७५ मध्ये ‘बोहेमियन रॅप्सोडी’ आले. जवळजवळ सहा मिनिटांचे हे गाणे आकाशवाणीवर लागणार नाही, ते कापा, असा सल्ला मिळाला होता. तो मानला गेला नाही. आपल्याकडचा कीर्तनकार एकाच बैठकीत अभंगावरून कथेवर, कथेवरून पोवाड्याच्या ठेक्यावर जातो आणि तरी धागा तुटू देत नाही, तशी या गाण्याची घडण आहे. आरंभी पियानोवरची करुण कहाणी, मध्ये पाश्चात्त्य संगीतनाटकाचा गजर, मग गिटारचा कल्लोळ आणि शेवटी पुन्हा शांतता. मधला समूह शेकडो गायकांचा वाटतो. प्रत्यक्षात तिघांचेच गळे एकावर एक ध्वनिमुद्रित केलेले आहेत. त्यात इटालियन नावे आहेत आणि झांजिबारच्या गल्लीत रोज कानी पडणारा बिस्मिल्ला हा शब्दही आहे. मला पुन्हा ती तिकिटांची वही आठवते. विलायतेत हे गाणे सलग नऊ आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिले.

त्यानंतरचा काळ कीर्तीचा. तो सर्वत्र सांगितला गेला आहे, म्हणून थोडक्यात सांगतो. १९८१ मध्ये ब्राझीलमधील साओ पाउलो शहरात एका मैदानात एक लाखाहून अधिक लोक त्याचे गाणे ऐकायला जमले. १३ जुलै १९८५ रोजी इथिओपियातील दुष्काळग्रस्तांच्या मदतीसाठी लंडनच्या वेम्ब्ली मैदानावर ‘लाइव्ह एड’ हा कार्यक्रम झाला. क्वीनच्या वाट्याला जेमतेम वीस मिनिटे होती. फ्रेडी प्रथम पियानोवर बसला, मग उठून समोर आला आणि त्याने एक नुसता स्वर, शब्दांविना, लोकांकडे फेकला. बहात्तर हजार माणसांनी तो परत केला. त्याने अवघड फेकला. तोही परत आला. पंढरपूरच्या वाटेवर आपण हे पाहिलेले आहे. पुढचा टाळकरी चरण टाकतो आणि मागची दिंडी तो उचलते; तेव्हा कोण गातो आणि कोण ऐकतो हा भेद उरत नाही. वसतिगृहाच्या सभागृहात कडेला बसून साथ करणाऱ्या मुलाने आता साऱ्या मैदानाला आपल्या साथीला घेतले होते. ज्याला कोणतेच गाव नव्हते, त्याने वीस मिनिटांसाठी एक गाव वसवले.

त्याच्या खाजगी आयुष्यावर मला अधिक लिहायचे नाही, पण टाळायचेही नाही. मेरी ऑस्टिन ही त्याची तरुणपणची सोबतीण आणि अखेरपर्यंतची विश्वासू मैत्रीण. पुढे त्याचे प्रेमसंबंध पुरुषांशी होते आणि अखेरच्या वर्षांत जिम हटन हा त्याचा जोडीदार त्याच्यासोबत राहत होता. १९८७ मध्ये त्याला एड्सचे निदान झाले. त्या काळी या रोगाचे नाव घेतले की माणसे दोन पावले मागे सरत; रोग बरा करणारे औषधही हाती नव्हते. त्याने ते जवळच्यांपुरते ठेवले आणि काम करीत राहिला. १९८८ मध्ये स्पेनच्या थोर गायिका मोन्सेरात काबाये यांच्याबरोबर ‘बार्सेलोना’ ही ध्वनिमुद्रिका काढली. उभे राहणे कठीण झाले तरी तो ध्वनिमुद्रणाला येत असे. २३ नोव्हेंबर १९९१ रोजी त्याने आपला आजार जाहीर केला आणि दुसऱ्या दिवशी संध्याकाळी लंडनच्या घरी त्याचे निधन झाले. वय पंचेचाळीस.

अंत्यविधी पारशी धर्मगुरूंनी केला. म्हातारे आईवडील तिथे होते. ज्या भाषेतल्या प्रार्थना त्याने नवजोतीच्या वेळी म्हटल्या होत्या, त्याच भाषेत त्याला निरोप दिला गेला आणि लंडनमध्येच दहन झाले. रक्षा कोठे ठेवली, हे त्याच्या इच्छेप्रमाणे गुप्त राहिले आहे. पुढच्या वर्षी सोबत्यांनी त्याच्या स्मरणार्थ वेम्ब्लीवर कार्यक्रम केला आणि त्यातून एड्सविरुद्ध काम करणारा ‘मर्क्युरी फीनिक्स ट्रस्ट’ उभा राहिला. स्वित्झर्लंडमधील मॉन्त्रो येथे १९९६ मध्ये त्याचा पुतळा बसला. फेल्टमच्या त्या लहान घरावर २०१६ मध्ये निळी स्मृतिपाटी लागली. २०१९ मध्ये झांजिबारला त्याच्या नावाचे संग्रहालय उघडले. त्याने बालपणीची अनेक वर्षे मात्र सातारा जिल्ह्यातील एका पठारावर काढली, ही गोष्ट आपल्याकडच्या पुष्कळांना माहीतही नसते.

म्हणून आता त्याला ‘आपला’ म्हणून मिरवावे काय? मला ते पटत नाही. पाचगणीच्या कुंपणाआड वाढलेल्या मुलांचा बाहेरच्या महाराष्ट्राशी संबंध बाजाराच्या दिवसापुरता होता. शाळाच तशी बांधलेली होती. आठ वर्षे राहूनही मुलाला मराठी मुलूख आपला वाटू नये, हा दोष मुलाचा नव्हे. आपण त्याच्यावर हक्क सांगण्याऐवजी त्याच्या आयुष्याचा हिशेब मांडला, तर अधिक उपयोग होईल.

जमेच्या बाजूला इंग्रजी भाषा आहे, पियानो आहे, चार मित्र आहेत आणि ते पत्र आहे. खर्चाच्या बाजूला आठ वर्षांच्या मुलाचा पलंग आहे, वर्षातून एकदा दिसणारी आई आहे, दातांवरून पडलेले नाव आहे. या दोन्ही बाजूंची वजाबाकी करून उत्तर काढता येते, असे मला वाटत नाही. त्याच्या प्रतिभेचे श्रेय विरहाला देणाऱ्यांशीही मी सहमत नाही. त्याच शाळेत, त्याच पलंगांवर शेकडो मुले झोपली; त्या साऱ्यांचे गायक झाले नाहीत. एकाच्या यशाकडे बोट दाखवून बाकीच्यांच्या एकटेपणाला किंमत लावणे हा हिशेब नव्हे.

आपल्या गावच्या रस्त्यांवरील पाट्यांकडे मी आता थोड्या वेगळ्या नजरेने पाहतो. शाळेच्या नावात किती देश आहेत, इमारतीला किती काचा आहेत, गणवेशाला कोणता टाय आहे, हे पालक विचारतात. त्यांनी आणखी एक गोष्ट विचारावी. इथे असा कोणी आहे का, जो माझ्या मुलाच्या बोटांत काय आहे ते पाहील आणि मला एक पत्र लिहील? असा माणूस नगरपालिकेच्या शाळेत असू शकतो, जिल्हा परिषदेच्या एका खोलीच्या शाळेत असू शकतो, आपल्या महाविद्यालयातही असू शकतो. त्याला पाटी लागत नाही. आणि तो जिथे नसेल, तिथे कितीही दूर पाठवलेले मूल नुसते दूरच राहते.